मोहिनीचा वेष : दादासाहेब फाळके आणि मूकपटातील विनोद

धुंडिराज गोविंद फाळके यांची आज रूढ असलेली प्रतिमा एका गंभीर, ध्येयनिष्ठ आणि अखेरीस उपेक्षित राहिलेल्या आद्यपुरुषाची आहे. १९६९ पासून त्यांच्या नावाने दिल्या जाणाऱ्या पुरस्काराने तिच्यावर राजमुद्राही उमटविली. या प्रतिमेत खोटे असे काही नाही. मात्र तिच्यात हसण्याला जागा उरलेली नाही, आणि ज्या माणसाने साडी नेसलेल्या पुरुषांकडून राण्या व दासी उभ्या करविल्या, स्वतःचे आडनाव उलटे करून जादूचे खेळ केले आणि ज्याच्या दुसऱ्याच कथापटाचा नायक-असुर नाचता नाचता स्वतःच्या मूर्खपणाने भस्म होतो, त्या माणसाच्या चरित्रातून हास्य वगळणे म्हणजे त्याच्या कलेचा एक कणाच काढून घेणे होय. पौराणिकपटांचे जनक या उपाधीआड वेषांतराचा एक थोर खेळिया झाकला गेला आहे.

त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरचा. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे पंडित; त्यांची नेमणूक मुंबईच्या विल्सन महाविद्यालयात झाली आणि कुटुंब मुंबईस आले. धुंडिराजाने पौरोहित्याचा वारसा घ्यावा अशी अपेक्षा असावी. त्याने घेतली ती जे. जे. कलाशाळेची वाट, आणि पुढे बडोद्याच्या कलाभवनाची. चित्रकला, छायाचित्रण, साचेकाम, मुद्रण असे एकामागून एक हुन्नर हस्तगत होत गेले. गोध्र्यास छायाचित्रणाचा व्यवसाय थाटला, तर प्लेगात पत्नी व मूल गेले. १९०२ मध्ये दुसरा विवाह झाला. सरस्वतीबाई या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या पत्नीने पुढे चित्रपटाच्या फितीला भोके पाडण्यापासून पन्नास-साठ माणसांचे अन्न रांधण्यापर्यंत सर्व काही केले. पुराणवस्तुसंशोधन खात्यातील नोकरी, स्वदेशीच्या वाऱ्यात तिचा त्याग, लोणावळ्याचा छापखाना, तिरंगी मुद्रण शिकण्यासाठी १९०९ मधील जर्मनीची वारी आणि भागीदारांशी झालेली फारकत, हा सर्व भाग चरित्रकारांनी पुष्कळदा सांगितलेला आहे. त्यात एक धागा मात्र नेहमी तळटिपेइतका बारीक राहतो, तो जादूचा.

फाळके जादू शिकले आणि तिचे जाहीर प्रयोगही करू लागले. रंगमंचावर त्यांनी धारण केलेले नाव होते प्रोफेसर केळफा. फाळके या शब्दाची अक्षरे उलट्या क्रमाने लावली की तो केळफा होतो. नावाला घातलेले हे सोंग पोरकट वाटेल, परंतु त्यात फाळके यांच्या पुढील कलेचे बीज आहे. जादूगार प्रेक्षकाला फसवितो, आणि आपण फसविले जाणार आहोत हे प्रेक्षकालाही ठाऊक असते. उघड्या डोळ्यांनी पत्करलेली ही फसवणूक वेषांतराच्या विनोदाचाही पाया आहे. पुढे फाळके यांनी या केळफाला चित्रपटातही आणले आणि त्याच्या प्रयोगांचा एक लघुपट केला.

मराठी प्रेक्षकाला अशी फसवणूक नवी नव्हती. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत सौभद्रा’त अर्जुन यतीचा वेष घेऊन द्वारकेस येतो आणि ज्याला सुभद्रा दुर्योधनास द्यावयाची आहे तो बलराम भक्तिभावाने त्याच कपटयतीचे आदरातिथ्य करतो. प्रणयाराधन आणि वेषांतर यांची ही जोडी १८८२ पासून महाराष्ट्राला हसवीत आली, आणि गंमत अशी की त्या नाटकात अर्जुनाचे सोंग सर्वांना दिसत असे. सुभद्रेचे सोंग, म्हणजे तिच्या लुगड्याआडचा पुरुष नट, कोणाच्या मनातही येत नसे. एक वेषांतर कथेतले, म्हणून हसण्याचे. दुसरे रंगभूमीचे, म्हणून न पाहण्याचे. हा अलिखित करार रंगभूमीवर टिकला, कारण तेथे गाणे होते, दिव्यांचा मंद प्रकाश होता आणि नट व प्रेक्षक यांच्यामध्ये अंतर होते. छायाचित्राचा यंत्रनेत्र मात्र असा कोणताही करार मानीत नाही.

१९११ मध्ये गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये फाळके यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला आणि ख्रिस्ताच्या जागी राम-कृष्ण दिसू लागले, ही कथा सर्वश्रुत आहे. अतिश्रमाने काही काळ दृष्टीही गेली. ती परत आल्यावर विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ च्या आरंभी ते लंडनला गेले, सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रशाळेत काम पाहिले, विल्यमसन कॅमेरा घेतला आणि एप्रिलात परतले. दादरला कुंडीतील रोपाची वाढ टिपून यंत्राची परीक्षा झाली. मग विषय ठरला, हरिश्चंद्र. आणि तारामती मिळेना.

या शोधाची हकिकत स्वतःच एक प्रहसन आहे, जरी तिचा गाभा हसण्यासारखा नाही. जाहिराती दिल्या गेल्या. कुलीन स्त्रिया येण्याचा प्रश्नच नव्हता. ज्यांना समाजाने आधीच बाहेर टाकले होते अशा स्त्रियांकडे फाळके गेले, तर त्यांनाही पडद्यावर दिसणे आपल्या धंद्याहून हलके वाटले. शेवटी ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात अण्णा साळुंके हा नाजूक बांध्याचा तरुण कामाला असलेला दिसला. त्याला तेथे दहा रुपये मिळत. फाळके यांनी पंधरा देऊ केले. पाच रुपयांच्या फरकावर भारतीय चित्रपटाला पहिली नायिका लाभली. मग मिशांचा प्रश्न आला. स्त्रीभूमिकेच्या नटांनी मिशी काढावयास हवी, आणि मिशी तर वडील निवर्तल्यावरच काढावयाची. बाप जिवंत असताना पंधरा रुपयांसाठी सुतकाची खूण ओठावर घेणे या नटांना किती जड गेले असेल, याची कल्पना आज करता येणे कठीण आहे. लोकनिंदा चुकविण्यासाठी, विचारणाऱ्याला आपण हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत असे सांगावे, अशी शिकवणही त्यांना दिली गेली होती. पडद्यावर राणी, घरी कामगार; सोंगाला आणखी एक सोंग. बाह्यचित्रणासाठी मंडळी वांगणीस गेली असता ढाल-तलवारी पाहून गावकऱ्यांनी त्यांना दरोडेखोर समजून पोलिसांच्या हवाली केले, असेही चरित्रकार सांगतात. परेश मोकाशी यांनी २००९ मध्ये ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा चित्रपट या हकिकतींवरच रचला, आणि फाळके यांच्या चरित्राचा सूर विनोदाचाही असू शकतो हे प्रथमच मोठ्या प्रेक्षकवर्गाला जाणवले.

‘राजा हरिश्चंद्रा’ची जी फीत आज उपलब्ध आहे ती मूळ १९१३ ची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. तिच्यातील एक प्रसंग मात्र या विवेचनाच्या दृष्टीने मोलाचा आहे. अंतःपुरातील पुष्करिणीत तारामती दासींसह जलक्रीडा करीत आहे आणि राजा तिला बोलाविण्यास येतो. भिजलेल्या लुगड्यांतील त्या सर्व ललना पुरुष आहेत. शृंगाराच्या संस्कृत परंपरेतून उचललेला हा प्रसंग, आणि त्यात ओल्या वस्त्राने झाकण्याऐवजी उघड केलेली सपाट छाती व रुंद खांदे! फाळके यांनी हा प्रसंग विनोदासाठी घेतला असे म्हणता येणार नाही. परंतु ज्या कारागिराने प्रत्येक चौकट स्वतःच्या डोळ्यांनी तपासली त्याला काय दिसते आहे हे कळले नसेल, असे मानणेही अवघड आहे. रंगभूमीचा करार यंत्रासमोर मोडत होता, आणि पुढच्याच चित्रपटात फाळके यांनी त्याची दिशा बदलली.

त्यापूर्वी ३ मे १९१३ च्या खेळाविषयी थोडे सांगावयास हवे. कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये हरिश्चंद्र एकटा नव्हता. त्याच कार्यक्रमात एका परदेशी युवतीचे नृत्य, दोघांचे हास्यनाट्य, पायांनी वस्तू झेलणारा कसरतपटू आणि काही विनोदी चित्रफिती होत्या. सत्यासाठी राज्य सोडणारा राजा आणि पायावर पिंप फिरविणारा कसरतपटू यांना एकाच तिकिटात पाहणारा तो प्रेक्षक होता. पावित्र्य आणि पडापडी यांची फारकत त्याने केलेली नव्हती. ती नंतरच्या समीक्षेने केली.

नाशिकला बिऱ्हाड हलविल्यानंतर तयार झालेला आणि १९१४ च्या आरंभी मुंबईत दाखविला गेलेला ‘मोहिनी भस्मासुर’ हा या चरित्राचा मध्यबिंदू मानावा लागेल. कथा सर्वांच्या परिचयाची. ज्याच्या मस्तकावर हात ठेवील तो भस्म होईल असा वर शंकराकडून मिळविलेला असुर वरदात्याच्याच मागे लागतो. विष्णू मोहिनीचे रूप घेतो. कामातुर असुर तिला वश करण्यासाठी ती नाचेल तसा नाचू लागतो. ती हात मस्तकावर ठेवते, तोही ठेवतो. संपले. यात तत्त्वज्ञान शोधणाऱ्यांनी ते अवश्य शोधावे, परंतु कथेची यंत्रणा निखळ आंगिक विनोदाची आहे. प्रणयी पुरुष प्रेयसीचे अनुकरण करतो आणि अनुकरणाच्या भरात स्वतःला पाडून घेतो. संवादाची गरज नाही, केवळ शरीर पुरे. मूकपटाला याहून अनुरूप कथा पुराणांत क्वचितच सापडेल.

आणि येथे फाळके यांनी जे केले त्याची विलक्षणता आजही पुरेशी लक्षात घेतली जात नाही. मोहिनी म्हणजे मुळात स्त्रीवेषातील पुरुष. साळुंकेसारख्या नटाला ही भूमिका देण्यास याहून योग्य कथा नव्हती. रुंद मनगटेसुद्धा येथे कथेशी सुसंगत ठरली असती. नेमक्या याच भूमिकेसाठी त्यांनी प्रथम स्त्री आणली. चित्ताकर्षक नाटक मंडळीचे काम त्या काळात थांबलेले असल्यामुळे दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमला या उपलब्ध झाल्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या, कमला मोहिनी झाली. तारामतीसारखी पतिव्रता पुरुषाने साकारली आणि वेषधारी विष्णू मुलीने. म्हणजे सोंगाचे गणित पूर्णपणे उलटे, फाळके या नावाचे केळफा व्हावे तसे.

कमला त्या वेळी अवघी तेरा-चौदा वर्षांची होती. तेवढ्या वयाच्या मुलीला कामातुर असुरासमोर नाचावयास लावणे आजच्या दृष्टीला खटकते, आणि खटकलेच पाहिजे. तत्कालीन समाजाला मात्र खटकले ते वय नव्हे, तर तिचे पडद्यावर दिसणे. त्या वयाच्या मुली संसाराला लागत, त्या वयाचे मुलगे नाटक मंडळ्यांत नायिका होत. पोटासाठी मुलीला घेऊन हिंडणाऱ्या दुर्गाबाईंना अब्रूची किंमत आधीच चुकवावी लागली होती. कॅमेऱ्यासमोर उभे राहताना त्यांच्यापाशी गमावण्यासारखे फारसे उरलेले नव्हते. कमलाबाई पुढे गोखले झाल्या, रंगभूमीवर दीर्घकाळ वावरल्या. पुत्र चंद्रकांत आणि नातू विक्रम यांच्या रूपाने अभिनयाची परंपरा चालली. १९९७ मध्ये त्यांचे निधन झाले, तेव्हा मूकपट नाहीसा होऊन सहा दशके लोटली होती.

याच चित्रपटाला जोडून फाळके यांनी ‘पिठाचे पंजे’ ही छोटी विनोदी फीत दाखविली. वर्ष १९१४. त्याच वर्षी हजारो मैलांवर चार्ली चॅप्लिन कीस्टोनच्या चित्रपटांतून प्रथम पडद्यावर येत होता, आणि पुढल्याच वर्षी त्याने ‘अ वूमन’ या चित्रपटात मिशी काढून, स्त्रीवेष घेऊन प्रेयसीच्या बापाला मोहात पाडले. मोहिनीची युक्ती आणि चॅप्लिनची युक्ती एकच. फरक इतकाच की तेथे बापाची फजिती होते, येथे असुराची राख. दोघांनी एकमेकांपासून काही घेतले असे सुचविण्याचा येथे हेतू नाही. घ्यावयाचे काही नव्हतेच, कारण दोघांच्या मागे आपापल्या भूमीतील जुने भांडार होते. ज्या शब्दाने पाश्चात्त्य समीक्षक या प्रकाराला ओळखतात तो स्लॅपस्टिक हा शब्द इटालियन प्रहसनातील फटकन वाजणाऱ्या दुपदरी काठीवरून आलेला. आपल्या विदूषकाच्या हातीही नाट्यशास्त्राने वाकडी काठी दिलेली आहे. तमाशातील सोंगाड्या आणि नाच्या यांची जोडी त्याच कुळातील. दुर्ग-भिलाईच्या परिसरात ज्यांनी नाचा पाहिला असेल त्यांना तर हे निराळे सांगावयास नको. तेथील जोक्कड आणि लुगडे नेसलेली परी रात्रभर प्रणय आणि फजिती यांचा जो खेळ मांडतात, त्यात परी पुरुष आहे हे कोणी लपवीत नाही, आणि हसू येते ते त्यामुळेच. दाऊ मंदराजी यांनी १९२८ मध्ये रवेलीची नाचा मंडळी संघटित केली, तेव्हा मूकपटाची अखेरची वर्षे चालू होती. यंत्राने मोडलेला रंगभूमीचा करार छत्तीसगडच्या खेड्यांत मशालीच्या उजेडात शाबूत राहिला.

१९१७ मधील ‘लंकादहना’त फाळके पुन्हा साळुंकेकडे वळले, आणि या वेळी त्यांनी मर्यादाच सोडली. राम साळुंके आणि सीताही साळुंके. दोन भूमिका एका नटाने करण्याचा भारतीय चित्रपटातील हा पहिला प्रयोग मानला जातो. विरहकथेला ही योजना चपखल बसते हे मान्य करावयास हवे, कारण कथेच्या ऐन भागात दोघे एकत्र नसतातच. अशोकवनातील प्रसंगाचा तुकडा शिल्लक आहे. शोकमग्न सीतेच्या दंडाचे स्नायू स्पष्ट दिसतात, रावण आर्जवे करतो, हनुमान झाडावर बसून पाहतो. आजचा प्रेक्षक येथे हसतो. त्या काळचा हसला नाही. उलट राम पडद्यावर आला की लोक पादत्राणे काढीत, असे सांगितले जाते. चित्रपटाने इतका पैसा मिळविला की मद्रासकडे जमा झालेली नाणी बैलगाडीतून पोलिसांच्या पहाऱ्यात न्यावी लागली, अशी आख्यायिका आहे. भक्ती आणि हास्य यांच्यामधली ही रेषा फाळके यांना अचूक कळली होती, म्हणूनच कोठे पुरुष स्त्री व्हावा आणि कोठे स्त्री स्त्रीच असावी हे ते प्रत्येक वेळी नव्याने ठरवीत. सोय आणि टंचाई यांचा त्यात वाटा होता, हे खरे. परंतु केवळ टंचाई म्हणून सोडून द्यावे इतका हा क्रम निर्बुद्ध नाही.

त्याचा पुरावा ‘कालिया मर्दन’. १९१८ मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली होती आणि ‘श्रीकृष्णजन्मा’त त्यांची कन्या मंदाकिनी कृष्ण झाली होती. १९१९ च्या ‘कालिया मर्दना’च्या आरंभी फाळके यांनी एक अपूर्व गोष्ट केली. कथा सुरू होण्यापूर्वी त्यांनी आपल्या सुमारे सात वर्षांच्या मुलीचा चेहरा प्रेक्षकांसमोर ठेवला आणि तिच्याकडून भावांमागून भाव करवून दाखविले. मगच ती कृष्ण होते. जादूगार खेळापूर्वी रिकामी टोपी दाखवितो, तसे हे आहे. पाहा, ही मुलगी आहे. आता हा मुलगा झाला. आता याच्या खोड्या पाहा. नंतरच्या लोणीचोरीच्या, धावाधावीच्या आणि गोकुळवासीयांच्या त्रेधेच्या प्रसंगांत मराठी मूकपटातील सर्वांत निर्मळ हास्य आहे. येथे कोणाची मिशी गेली नाही, कोणाची अब्रू गेली नाही. वेषांतर पूर्णपणे उघड आहे आणि म्हणून पूर्णपणे मुक्त आहे.

हे मुक्तपण टिकले नाही. १९२० मध्ये बाबूराव पेंटर यांचा ‘सैरंध्री’ आला. त्यातही कामातुर पुरुष, त्यातही वेषांतरित स्त्री आणि अखेरीस प्रेयसीच्या जागी भलताच कोणी. परंतु कीचकाच्या वधात हास्याला थारा नव्हता, आणि त्या चित्रपटात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या होत्या. मराठी चित्रपट वास्तवाकडे वळला होता. लोकमान्य टिळकांनी पेंटर यांचा गौरव केला. फाळके त्याच सुमारास भागीदारांशी बेबनाव होऊन कंपनीतून बाहेर पडले आणि काशीला जाऊन राहिले. तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले. तत्कालीन नाट्यव्यवसायावरील उपहास हा त्याचा विषय, म्हणजे दुखावलेल्या अवस्थेतही त्यांची लेखणी वळली ती हास्याकडे. नाटक लांबले आणि चालले नाही. काही काळाने ते पुन्हा कंपनीत आले, चित्रपट करीत राहिले. त्या वर्षांविषयी विशेष सांगण्यासारखे थोडेच आहे.

१९३१ मध्ये पडदा बोलू लागला. फाळके यांचा ‘सेतुबंधन’ मूक म्हणून तयार झाला होता. मागाहून त्याला ध्वनी जोडावा लागला. शरीराने बोलणाऱ्या पात्रांच्या तोंडी नंतर चिकटविलेले शब्द, हे त्यांच्या आयुष्यातील शेवटचे आणि बहुधा सर्वांत अप्रिय वेषांतर. १९३७ मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट झाला. त्यानंतर काम मिळाले नाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले.

त्यांच्या चित्रपटांपैकी बहुतेक नष्ट झाले आहेत. जे तुकडे उरले त्यांत पुष्करिणीतील तारामती आहे, अशोकवनातील सीता आहे आणि कृष्ण होण्यापूर्वी प्रेक्षकांकडे पाहणारी मंदाकिनी आहे.